१८५ वर्षांनंतरची माफी

ऑस्ट्रेलियातील 'सिडनी मॉर्निंग हेरल्ड' या जुन्या दैनिकाने जून २०२३ मध्ये आपल्या वाचकांपुढे माफी मागितली, ती स्वतःच्या १८३८ सालच्या लिखाणाबद्दल. वृत्तपत्रांची स्मरणशक्ती सहसा एवढी दीर्घ नसते. म्हणून त्यामागील प्रकरण येथे सांगणे आम्हांस अगत्याचे वाटते.

१७८८ साली ब्रिटिशांनी सिडनीला कैद्यांची वसाहत वसविली आणि पुढील पन्नास वर्षांत गोऱ्यांची मेंढरे व गुरे उत्तरेकडील कुरणांत पसरली. तेथील आदिवासींचे पाणवठे गेले, शिकार गेली. त्यांनी गुरे मारली की घोडेस्वार टोळ्या सूड घेण्यास निघत. १० जून १८३८ रोजी अशीच एक टोळी मायॉल क्रीक येथील गुरांच्या ठाण्यावर आली. तेथे काही आठवड्यांपासून विरायराय जमातीचे लोक निर्धास्तपणे राहत होते. धडधाकट पुरुष कामासाठी बाहेर गेलेले. मागे राहिलेल्या किमान २८ जणांना, म्हणजे बहुतांशी बायका, मुले व वृद्धांना, दोरांनी बांधून नेऊन ठार करण्यात आले आणि प्रेते जाळण्यात आली.

अशा कत्तली पूर्वीही झाल्या होत्या. खटला मात्र क्वचितच उभा राहिला होता. या वेळी ठाण्याच्या व्यवस्थापकाने वर्दी दिली, गव्हर्नर गिप्स यांनी चौकशी करविली आणि अकरा जणांना पकडण्यात आले. पहिल्या ज्यूरीने वीसेक मिनिटांत सर्वांना निर्दोष सोडले. सरकारी वकील प्लंकेट यांनी दुसरा खटला भरला, तेव्हा सात जण दोषी ठरले व १८ डिसेंबर १८३८ रोजी फाशी गेले. जॉर्ज अँडरसन या कैदी नोकराची साक्ष येथे मोलाची ठरली. यिंतयिंतिन हा आदिवासी गुराखीही ठाण्यावरच होता. परंतु ख्रिस्ती धर्माप्रमाणे शपथ न घेणाऱ्याची साक्ष कायद्याला मान्य नव्हती. उरलेले चौघे सुटले. न्यू साऊथ वेल्समध्ये ही अडचण १८७६ पर्यंत टिकली.

त्या काळी 'सिडनी हेरल्ड' या नावाने निघणाऱ्या या पत्राने मारेकऱ्यांची बाजू उचलून धरली. काळ्या लोकांपायी वसाहतीचा पैसा खर्ची पडावा, हेच त्याला रुचत नव्हते. आम्ही गोमंतकीयांनी सालाझारशाहीतील सेन्सॉरची कात्री अनुभवली आहे. सिडनीच्या संपादकावर मात्र कोणी बळजबरी केलेली नव्हती. त्याने आपल्या ग्राहकांना आवडेल तेच लिहिले, आणि हेच आम्हांस अधिक बोचते.

माफीनंतर चारच महिन्यांनी, १४ ऑक्टोबर २०२३ रोजी, आदिवासींच्या केवळ सल्लागार मंडळाला राज्यघटनेत स्थान देण्याचा प्रस्ताव सार्वमतात सहाही राज्यांनी फेटाळला. मायॉल क्रीकला मात्र २००० साली स्मारक झाले असून, दर जूनमध्ये मारल्या गेलेल्यांचे आणि मारेकऱ्यांचे वंशज तेथे एकत्र जमतात.