आधी इशारा, मग मंत्र

काळावर सत्ता चालविण्याची विद्या आणि ती निर्धोकपणे वापरण्याचे नियम सांगणारा एक प्राचीन ग्रंथ आहे. कोणत्याही हस्तलिखित संग्रहात तो सापडणार नाही, कारण तो कल्पित आहे. २०१६ साली प्रदर्शित झालेल्या ‘डॉक्टर स्ट्रेंज’ या अमेरिकी चित्रपटात त्याचे नाव ‘कॅग्लिओस्त्रोचा ग्रंथ’ असे आहे. या नावाचा एक इसम मात्र खरोखर होऊन गेला. अठराव्या शतकात चमत्कारांच्या बळावर युरोपातील धनिकांना भुलविणारा हा साहसी भोंदू १७९५ साली इटलीत कैदेतच मरण पावला.

चित्रपटाचा नायक हा जादूविद्येत नवशिका असलेला शल्यविशारद. काठमांडूतील एका गुप्त विद्यापीठात हा ग्रंथ उघडून तो एका ताईताच्या साहाय्याने खाल्लेले सफरचंद पुन्हा अखंड करतो. तोच सहकारी आणि ग्रंथपाल धावत येऊन त्याला थांबवितात. काळाला फाटे फुटतील, एकाच क्षणाच्या फेऱ्यात तू कायमचा अडकशील, असे ते बजावतात. हे सारे धोके ग्रंथात नमूद आहेत. परंतु मंत्र संपल्यावर! इशारे आधी द्यायला नकोत काय, अशी तक्रार नायक करतो आणि प्रेक्षक हसतात.

या हसण्याजोग्या तक्रारीत एक गंभीर प्रश्न दडलेला आहे. ज्ञानाचा धोका कोणी, कोणाला आणि केव्हा सांगावा?

कल्पित ग्रंथ बाजूस ठेवून काळ मोजणाऱ्या एका खऱ्या वस्तूकडे पाहू. १८९८ साली रेडियमचा शोध लागला आणि काही वर्षांतच त्याच्या रंगाने अंधारात चमकणाऱ्या घड्याळांच्या तबकड्या बनू लागल्या. पहिल्या महायुद्धाच्या काळापासून अमेरिकेतील न्यू जर्सी राज्यात हे काम तरुण मुली करीत. कुंचल्याचे टोक बारीक राहावे म्हणून ते ओठांत धरण्यास त्यांना शिकविले होते. रंग निरुपद्रवी आहे, असेही सांगितले होते. त्याच कारखान्यातील रसायनतज्ज्ञ मात्र शिशाच्या आडोशामागून आणि चिमट्यांनी रेडियम हाताळीत होते. मुलींचे दात पडू लागले, जबड्यांची हाडे कुजू लागली, कित्येकींचे प्राण गेले. त्यांपैकी पाच जणींच्या दाव्यात १९२८ साली तडजोड झाली, तेव्हा कोठे त्यांना भरपाई मिळाली. रेडियमचा निम्मा अंश क्षीण होण्यास सुमारे १,६०० वर्षे लागतात. त्या मुलींच्या हाडांत काळाने असा मुक्काम केला होता.

येथे इशारा लिहिलाच गेला नव्हता असे नाही. तो ज्यांना ठाऊक होता त्यांनी स्वतःपुरता पाळला. मंत्र कामगारांच्या हाती दिला आणि इशारा आपल्या कपाटात ठेवला. अज्ञानातून घडलेला अपघात आणि ज्ञानाच्या अशा वाटणीतून घडलेला अनर्थ यांत फरक केलाच पाहिजे.

यावर कोणी म्हणेल की, धोक्याचे ज्ञान कुलपात ठेवावे, हाच सुरक्षित मार्ग. आपल्या शास्त्रपरंपरेने ग्रंथारंभीच अधिकारी, विषय, संबंध आणि प्रयोजन सांगण्याचा दंडक घातला होता. वाचकाला आत शिरण्यापूर्वीच सावध करणारी ही पद्धत खचितच शहाणपणाची होती. तथापि ‘अधिकारी’ या शब्दाचा अर्थ पात्रतेवरून जन्मावर घसरला, तेव्हा त्याच दंडकाने स्त्रिया आणि बहुजन समाज यांना दाराबाहेर ठेवले, हेही विसरता येणार नाही. कुलूप लावणारा नेहमी सुरक्षेचेच कारण पुढे करतो.

चित्रपटातही कुलपाचा उपयोग होत नाही. तेथील परंपरेत ज्ञान कोणतेच निषिद्ध नाही, निषिद्ध आहेत ते काही प्रयोग. प्रत्यक्षात मात्र मुख्य गुरूच निषिद्ध शक्तीच्या आधारे आपले आयुष्य गुपचूप वाढवीत असतात. ग्रंथपालाची हत्या करून पाने पळविणाऱ्या बंडखोर शिष्याला बळ मिळते ते या दुटप्पीपणातून. नियम मोडणाऱ्या रक्षकाइतका नियमाचा मोठा शत्रू नाही. अखेरीस नायकही काळाचा नियम मोडतो, पण त्याची किंमत तो स्वतः पुनःपुन्हा मरून चुकवितो. कारखान्याच्या मालकांनी ती इतरांकडून वसूल केली होती. धोकादायक विद्येच्या नीतीची खरी कसोटी येथेच लागते. लाभ कोणाला, किंमत कोणाला, आणि किंमत देणाऱ्याला ती आधी ठाऊक होती काय?

आज ही कसोटी दूरच्या प्रयोगशाळांपुरती राहिलेली नाही. मोबाइलवर बोटाच्या एका स्पर्शात कर्ज मिळते. व्याजाचा आणि दंडाचा तपशील मात्र बारीक अक्षरांत, सहज कोणी उघडणार नाही अशा पानावर असतो. तेथे सही आधी घेतली जाते आणि समज नंतर येते. याउलट शाळेतील साधी प्रश्नपत्रिका पाहा. सूचना प्रश्नांच्या आधी छापलेल्या असतात आणि त्या पहिल्या व शेवटच्या बाकावरील विद्यार्थ्याला सारख्याच लागू असतात. परीक्षा घेणाऱ्यांना जे कळते, ते कर्ज, औषधे आणि यंत्रे विकणाऱ्यांना कळत नाही, असे मानणे भाबडेपणाचे होईल.

यास्तव मागणी साधी आहे. ज्ञान खुले असावे. त्याचा धोका पहिल्या पानावर, वाचणाऱ्याच्या भाषेत आणि ठळक अक्षरांत सांगितला जावा. आणि तो सांगणाऱ्यालाही बंधनकारक असावा. शिक्षकाने प्रयोग दाखविण्यापूर्वी धोका सांगावा, कारकुनाने सही घेण्यापूर्वी अट वाचून दाखवावी, आणि विद्यार्थ्याने मंत्र पाठ करण्यापूर्वी इशाऱ्याचे पान मागून घ्यावे. गेलेला काळ परत आणणारा ताईत यांपैकी कोणाच्याही गळ्यात नाही.