करार कोण लिहितो?

रमजानच्या संध्याकाळी मशिदीजवळच्या रस्त्यावर खजूर, फळांच्या फोडी, समोसे, शेवया यांची दुकाने लागतात, हे दृश्य जुनेच. अलीकडे त्यांच्या शेजारी एक नवे दुकान दिसू लागले आहे. झगमगीत पाटी, एकसारखे टी-शर्ट घातलेली मुले, शोरमा नाहीतर बिर्याणीचा ठरावीक मेनू आणि काउंटरवर चिकटवलेला कागद, ‘फ्रँचायझी देणे आहे’. इफ्तारनंतर तिथे सगळ्या जातिधर्मांची पोरे गर्दी करतात. पाटीवर ‘हलाल’ लिहिले आहे ना, एवढे ग्राहक पाहतो. काउंटरवरच्या त्या कागदातला व्यवहार कसा आहे, हे कोणी विचारत नाही.

या पद्धतीने वाढलेले एक गाजलेले नाव न्यूयॉर्कचे आहे, ‘द हलाल गाईज’. इजिप्तहून आलेल्या तिघांनी १९९० मध्ये मॅनहटनच्या ५३व्या रस्त्याच्या कोपऱ्यावर हॉट डॉगचा गाडा लावला. शहरात मुस्लिम टॅक्सीचालक पुष्कळ होते. त्यांना रस्त्यावर पोटभर हलाल जेवण मिळत नव्हते. म्हणून गाड्यावर भात, त्यावर कोंबडीचे किंवा मांसाचे तुकडे, पांढरा सॉस आणि जहाल तिखट लाल सॉस असे ताट मिळू लागले. पुढे टॅक्सीवाल्यांमागे सारे शहरच रांगेत उभे राहिले. जवळजवळ पाव शतक हा धंदा मुख्यतः गाड्यांवरच चालला. २०१४ मध्ये मालकांनी फ्रँचायझी वाढवून देणाऱ्या एका कंपनीशी हात मिळवला आणि थोड्याच वर्षांत कॅलिफोर्नियापासून मनिला आणि सोलपर्यंत त्यांची दुकाने उघडली. आपली चव आणि नाव दुसऱ्याच्या भांडवलावर जगभर नेण्याची ही युक्ती आहे, आणि ती वाईट नाही. नाव विकण्यात धर्माची आडकाठीही नाही. व्यापारी नावाला किंमत असते आणि फसवणूक नसेल तर त्याचा व्यवहार करता येतो, असा निर्णय आंतरराष्ट्रीय इस्लामी फिक्ह अकादमीने १९८८ मध्ये कुवेतच्या बैठकीत दिला आहे.

अडचण कराराच्या आत आहे. फ्रँचायझीत रॉयल्टी बहुधा नफ्यावर नसते, विक्रीवर असते. समजा, एका दुकानाची महिन्याची विक्री ३ लाख रुपये आहे. कच्चा माल, भाडे, पगार, गॅस आणि वीज मिळून २ लाख ७५ हजार गेले. उरले २५ हजार. रॉयल्टी सहा टक्के, म्हणजे १८ हजार. चालवणाऱ्याच्या हातात ७ हजार, आणि बँकेचा हप्ता अजून बाकीच. पुढच्या महिन्यात विक्री अडीच लाखांवर आली आणि खर्चही तेवढाच झाला, तर नफा शून्य. पण १५ हजारांची रॉयल्टी द्यावीच लागते. शिवाय मसाला, सॉस, डबे कंपनीकडूनच घ्यायचे, कंपनी सांगेल त्या भावाने. मोहल्ल्यातल्या दुकानाचा रमजानात दिवसाचा गल्ला रिकामा असतो. तिथे दरमहा किमान रकमेची अट असेल, तर ती अट रोजा ओळखत नाही.

इस्लामी व्यापारात भागीदारीची एक जुनी रीत आहे, मुदारबा. एकाचे भांडवल, दुसऱ्याची मेहनत. नफा ठरल्या प्रमाणात वाटायचा. तोटा आला तर पैसा भांडवलवाल्याचा जातो आणि कष्ट करणाऱ्याचे कष्ट वाया जातात. हजरत खदीजा (रजि.) यांचा माल घेऊन पैगंबर (स.) शामकडे व्यापाराला गेले, ते याच रीतीने, असे मानले जाते. फ्रँचायझीत हे उलटे होते. भांडवलही चालवणाऱ्याचे, मेहनतही त्याचीच आणि तोटाही त्याचाच. नाव देणारा मात्र दर महिन्याला सुरक्षित. हा मुदारबा नाही, नावाचे भाडे आहे. भाडे घेणे गैर नाही, पण मग त्याला ‘भागीदारी’ आणि ‘आपले कुटुंब’ म्हणून जाहिरात करू नये.

कुरआनातली सर्वांत लांब आयत नमाजाबद्दल नाही की रोज्याबद्दल नाही. सूरह बकरातली ती आयत उधारीचा व्यवहार लिहून ठेवण्याबद्दल आहे. तीत साक्षीदार सांगितले आहेत आणि लिहिणारा न्यायी असावा, असेही. विशेष म्हणजे मजकूर सांगायचा तो ज्याच्यावर देणे आहे त्याने. तो दुबळा असेल तर त्याच्या वतीने त्याच्या पालकाने. आजच्या फ्रँचायझी करारात तीस-चाळीस इंग्रजी पाने कंपनीचा वकील लिहितो आणि आईचे दागिने गहाण ठेवून आलेला मुलगा शेवटच्या पानावर सही करतो.

अमेरिकेत निदान एक बंधन आहे. तिथल्या फेडरल ट्रेड कमिशनच्या नियमानुसार सही किंवा पैसे घेण्याच्या किमान १४ दिवस आधी कंपनीला माहितीपत्रक द्यावे लागते. त्यात कंपनीवरचे खटले, एकूण खर्चाचा अंदाज, किती शाखा उघडल्या आणि किती बंद पडल्या, हे सारे असते. भारतात फ्रँचायझीसाठी असा स्वतंत्र कायदाच नाही. १८७२च्या करार कायद्यावर आणि ट्रेडमार्क कायद्यावर भागवले जाते. छोट्या शहरांत चहापासून शोरम्यापर्यंत फ्रँचायझ्या विकल्या जात असताना एवढे माहितीपत्रक सक्तीचे करायला काय हरकत आहे? मसाल्याचे गुपित कंपनीने खुशाल जपावे.

कायदा येईल तेव्हा येईल. ईद झाली की बरेच तरुण नव्या धंद्याचा मुहूर्त शोधू लागतील. त्यांनी डिपॉझिट भरण्यापूर्वी चालू शाखांची नव्हे, बंद पडलेल्या शाखांची यादी मागावी आणि करार मराठीत समजावून घ्यावा. यादी मिळाली नाही, तर बंद शटरशेजारच्या पानवाल्याला विचारावे. दुकान किती महिने चालले, हे त्याला नेमके ठाऊक असते.