माग विसरून माग काढणारे

रेमों रूसेल या फ्रेंच लेखकाच्या १९१० साली प्रसिद्ध झालेल्या 'इंप्रेस्याँ दाफ्रीक' (आफ्रिकेचे ठसे) या कादंबरीत एक अद्भुत माग आहे. बेदू नावाच्या अभियंत्याने तो नदीच्या प्रवाहावर उभारलेला आहे. पाण्यात बुडणारी आणि वर येणारी पाती धोट्यांना गती देतात, आणि विणकराचा हात न लागता रंगीत धाग्यांचे चित्रमय वस्त्र तयार होत जाते. साहित्यसिद्धान्ताच्या चर्चेत या मागाचे नाव अधूनमधून निघते. पण निघते ते केवळ एका श्लेषाचे उदाहरण म्हणून. आमचा आक्षेप या 'केवळ'वर आहे.

श्लेष असा. फ्रेंचमधील 'मेत्ये' या शब्दाचा अर्थ व्यवसाय, आणि मागही. 'ओब' म्हणजे पहाट, आणि पाणचक्कीची पातीही. 'पहाटे उठायला लावणारा व्यवसाय' या शब्दसमूहाचे उच्चार तसेच ठेवून रूसेलने त्यातून 'पात्यांवर चालणारा माग' काढला. ध्वनी आणि पहाट, म्हणजे शब्दाचा नाद आणि दिवसाची एक वेळ, यांतून हे यंत्र जन्मले. ही किल्ली लेखकानेच लिहून ठेवली होती. त्याच्या मृत्यूनंतर दोन वर्षांनी, १९३५ मध्ये, ती प्रसिद्ध झाली. १९६३ मध्ये मिशेल फूको यांनी रूसेलवर संपूर्ण पुस्तक लिहिले, आणि तेव्हापासून ही किल्ली कादंबरीहून अधिक वाचली गेली असावी. भाषा भाषेलाच विणते, तिचा जगाशी संबंध नाही, असे सूत्र त्यातून सोयीस्करपणे हाती लागते. फूको यांचे विवेचन या सूत्राहून कितीतरी गुंतागुंतीचे आहे. पण सूत्र पाठ करणाऱ्याला तेही वाचावे लागत नाही.

प्रतिपक्षाचा पुरावा दुबळा नाही, हे मान्य केले पाहिजे. रूसेलने जगप्रवास केला, त्यात तो हिंदुस्थानातूनही गेला. आणि या प्रवासांतून आपल्या पुस्तकांसाठी आपण काहीही घेतले नाही, असे त्याने त्याच किल्लीत नमूद केले आहे. ठीक. सूत कोठून आणले, याविषयी विणकराची साक्ष आम्ही ग्राह्य धरतो. वस्त्राविषयी मात्र वस्त्रालाच विचारले पाहिजे.

त्या मागावर विणले काय जाते? महाप्रलय. चढत जाणारे पाणी, जीव वाचवू पाहणारी माणसे, नोहाची नौका. वाहते पाणी ज्या यंत्राला चालवते, ते यंत्र पाण्याने घडवलेल्या विनाशाचे चित्र विणते. आता श्लेषवाद्यांनी सांगावे, हा प्रलय 'मेत्ये'तून आला की 'ओब'मधून? श्लेषाने पाती दिली. त्या पात्यांनी काय विणावे हे श्लेषाने सांगितलेले नाही. नदीने स्वतःचेच भयंकर रूप धाग्यांत उतरवावे, ही निवड आहे, आणि तिच्यापाशीच साहित्य सुरू होते. किल्लीवर थांबलेला वाचक नेमका या उंबरठ्यावरून परत फिरतो.

शिवाय कादंबरीच्या आतही एक किल्ली आहे, तिचे काय? पहिल्या नऊ प्रकरणांत चमत्कार दिसतात. दहाव्यापासून पुढे जहाज फुटल्याची, प्रवासी सम्राट तालूच्या कैदेत सापडल्याची आणि खंडणी येईपर्यंत त्यांनी उत्सवाची तयारी केल्याची कथा येते. या कथेत प्रत्येक चमत्काराला कारण मिळते, आणि ते कारण कधीही शब्दखेळाचे नसते. आंधळ्या योगायोगाला कथेचा न्याय मिळवून देण्यासाठी लेखकाने शेकडो पाने खर्च केली. ती पाने वगळून 'पद्धत' शिकवणे म्हणजे पाककृती वाचून जेवल्याचे समाधान मानणे होय. मराठीतही 'माग' या शब्दाला दोन अर्थ आहेत: एक विणण्याचा, एक शोधण्याचा. हे लक्षात आल्याने आजवर कुणाची कादंबरी झालेली नाही.

हा दोष परकीय लेखकापुरता राहिला असता, तर आम्ही एवढे लिहिले नसते. मोरोपंतांनी ओष्ठ्य वर्ण टाळून 'निरोष्ठ रामायण' रचले. वर्गात त्याचा उल्लेख होतो तो पंडिती कसरतीचा नमुना म्हणून, आणि त्याच ओळीत ते बाजूलाही ठेवले जाते. परंतु 'म' ओष्ठ्य आहे! म्हणजे नायकाचे नाव एकदाही उच्चारता येणार नाही, अशा अटीवर कवीने रामकथा सांगायला घेतली. ज्या परंपरेत नामालाच तारक मानले, त्या परंपरेत नामाविना रामकथा कशी उभी राहते? उत्तर काव्याच्या बाजूने येईल किंवा विरुद्ध जाईल. पण प्रश्न विचारल्याशिवाय निकाल कसा लागतो? रूसेलची अट ऐकून माना डोलतात, मोरोपंतांची अट ऐकून नाके मुरडली जातात. कौतुक आणि तिरस्कार वेगळे दिसतात, पण दोन्हींत चूक एकच आहे: नियम कळला की कृती कळली, हा समज.

म्हणून आमची मागणी साधी आहे. रूसेलची किल्ली विद्यार्थ्याच्या हाती देण्याआधी त्याला कुठल्याही अनुवादातून का होईना, त्या नदीकाठच्या मागापुढे उभे करावे आणि वस्त्रावर काय दिसते ते लिहायला सांगावे. निरोष्ठाची व्याख्या फळ्यावर लिहिण्याआधी त्यातली चार पदे मोठ्याने वाचून घ्यावीत. त्यानंतर सिद्धान्त अवश्य शिकवावा. तोवर विद्यार्थ्याजवळ त्याला विचारण्यासारखे काहीतरी असेल.