चित्रपट-परिचय : माणसांचा भाव

समुद्रावरील चाचेगिरीचा चित्रपट म्हटला, की तोफांचा भडिमार आणि दोरखंडांवरून झेपावणारे वीर डोळ्यांपुढे उभे राहतात. २०१२ साली डेन्मार्कमध्ये निघालेल्या ‘काप्रिंगेन’, म्हणजे ‘अपहरण’, या चित्रपटात यांपैकी काहीही नाही. लेखक-दिग्दर्शक टोबियास लिंडहोल्म यांनी बेताच्या खर्चात तो तयार केला. तरीही त्यातील भय मनातून लवकर जात नाही.

‘रोझेन’ हे मालवाहू जहाज मुंबईकडे येत असता सोमाली चाचे हिंदी महासागरात ते काबीज करतात. जहाजावर ७ माणसे आहेत. त्यांतील आचारी मिकेल, ज्याला आपल्याकडील जुने खलाशी ‘भंडारी’ म्हणतील, हा एक नायक. कोपनहेगनच्या कचेरीत बसलेला जहाज-कंपनीचा प्रमुख पीटर हा दुसरा. दोघांना जोडणारा दुवा म्हणजे दूरध्वनी.

प्रत्यक्ष हल्ला पडद्यावर दिसतच नाही. पीटरच्या कानी वार्ता येते, तेव्हाच ती आपल्यालाही कळते. मोठ्या खर्चाची दृश्ये टाळून दिग्दर्शकाने सारे लक्ष वाटाघाटींकडे वळविले आहे. अस्सलपणात मात्र काटकसर नाही. चित्रीकरणासाठी वापरलेले जहाजच २००७ साली सोमालियाच्या किनाऱ्यानजीक चाच्यांच्या हाती सापडले होते. संयुक्त राष्ट्रांकडून आलेले मदतीचे धान्य उतरवून ते परतत होते. कंपनीच्या सल्लागाराची भूमिका करणारे गृहस्थही व्यवसायाने नट नव्हेत. या कामाचा प्रत्यक्ष अनुभव त्यांच्या गाठी आहे.

चाचे १ कोटी ५० लाख डॉलर मागतात. पीटर २ लाख ५० हजार देऊ करतो. ‘माणसांच्या जिवाची घासाघीस कसली करता?’ असे प्रेक्षकाला ओरडावेसे वाटते. परंतु सल्लागाराचे म्हणणे खोटे नाही. मागितलेली रक्कम तत्काळ दिली, तर चाचे तिला पहिला हप्ता समजतील आणि मागणी वाढवतील. म्हणून सौदा पायरीपायरीने करावयाचा. एकेका पायरीला दिवस आणि आठवडे जातात. तिकडे कोंडलेल्या माणसांचे अन्न, स्वच्छता आणि धीर हे सारे सरत जाते. पद्धत योग्य आहे. तिचे मोल मात्र पद्धत ठरविणारा देत नाही. चित्रपटातील खरी वेदना हीच होय.

एकदा गळाला मासा लागतो, तेव्हा ओलीस आणि चाचे एकत्र गाऊ लागतात. क्षणभर वाटते, आता हे परस्परांचे शत्रू राहिले नाहीत. पण बंदुका कोणाच्या हाती आहेत, हे दिग्दर्शक आपल्याला विसरू देत नाही.

भारतीय कुटुंबांना ही कथा परकी वाटू नये. सप्टेंबर २०१० मध्ये ‘अस्फाल्ट व्हेंचर’ हे जहाज चाच्यांनी पळविले. त्यावरील १५ही खलाशी भारतीय होते. एप्रिल २०११ मध्ये खंडणी घेऊन जहाज सोडण्यात आले. परंतु भारतात अटकेत असलेल्या आपल्या साथीदारांच्या मोबदल्यात चाच्यांनी ७ खलाशांना ठेवून घेतले. त्यांची सुटका व्हावयास ऑक्टोबर २०१४ उजाडला. पैसे पोचले म्हणजे संकट टळले, असे घरच्यांनी मानले असेल, तर पुढील साडेतीन वर्षे त्यांनी कशी काढली असतील?

चित्रपटात काही प्रसंग उग्र आहेत. लहान मुलांना तो दाखवू नये. शेवट येथे सांगणे उचित नाही. इतकेच सांगतो, की रकमेचा आकडा ठरला आणि पैसे पोचले, तरी जागेवरून उठू नका. सौदा पुरा होणे आणि माणूस घरी पोचणे या दोन गोष्टी वेगळ्या आहेत.