महेशच्या चपला

या आठवड्यात ‘महेशिन्ते प्रतिकारम्’ तिसऱ्यांदा पाहिला आणि या खेपेला नजर महेशच्या पायांवरून हटेना. दिग्दर्शक म्हणून दिलीश पोत्तन यांचा हा २०१६चा पहिलाच चित्रपट. इडुक्कीच्या डोंगरातल्या गावात फोटो स्टुडिओ चालवणारा महेश, म्हणजे फहाद फासिल, चारचौघांत मार खातो आणि शपथ घेतो, की परतफेड करेपर्यंत पायात चपला घालणार नाही. आपल्याकडे नवरात्रात अनवाणी राहणारे पुष्कळ. सूडासाठी अनवाणी फिरणारा नायक मी तरी दुसरा पाहिलेला नाही. आणि ज्याला मारायचं तो जिमसन तोवर नोकरीसाठी दुबईला गेलेला! दुसरीकडे हा ओढूनताणून आणलेला योगायोग वाटला असता. पण पिढ्यान् पिढ्या आखातात जाणाऱ्या केरळात सूडालाही माणूस परत येण्याची वाट पाहावी लागते, यात नवल काय? पटकथाकार श्याम पुष्करन यांनी केरळचं स्थलांतर असं एका चपलेत बसवलं आहे, भाषणाचं एक वाक्य न घालता. जिओ बेबींच्या ‘द ग्रेट इंडियन किचन’मधलं (२०२१) गळकं सिंक आठवा; नवरा प्लंबरला बोलवायचं विसरत राहतो आणि अख्खं घर उघडं पडतं. समाज दाखवायचा तर असाच, घरातल्या वस्तूंतून. ‘महेशिन्ते’ पाहिला नसेल तर या रविवारी नक्की पाहा, आणि मूळ मल्याळममध्येच पाहा.