एक्का येतच नाही

आमच्या मधल्या खोलीत एक कॉम्प्युटर आहे. तो सगळ्यांचा आहे. म्हणजे सकाळी माझा, दुपारी आप्पांचा, माझ्या सासऱ्यांचा, आणि संध्याकाळी सातनंतर चिरंजीवांचा. चिरंजीव पीयूसीच्या दुसऱ्या वर्षाला आहेत. ज्या वर्षी घरातला टीव्हीसुद्धा दबक्या आवाजात बोलतो, ते हे वर्ष. तरीही आठवड्यातून तीनदा तासभर खेळायची त्याला मुभा आहे, आणि तो तास संपल्याचं त्याला कळत नाही, हे आमचं जुनं भांडण.

कळत नाही म्हणतो ते खोटं नसतं. खेळ सुरू झाला की पडदा काठोकाठ भरतो. खालची पट्टी जाते, पट्टीच्या कोपऱ्यातलं घड्याळ जातं, आणि त्याबरोबर आई, कुकर, दारावरची बेल हे सगळं जातं. एकदा कुकरच्या शिट्ट्या मोज म्हणून सांगून मी वरच्या मजल्यावर कपडे काढायला गेले होते. खाली आले तेव्हा डाळीचा कोळसा झाला होता आणि चिरंजीव कुठल्याशा गडाचा तट चढत होते. त्या दिवशी मी फर्मान काढलं, "खेळायचं असेल तर खिडकीत खेळ."

"आई, खिडकीत मजा नाही. थिएटरच्या दाराच्या फटीतून पिक्चर बघितल्यासारखं वाटतं."

त्याचं म्हणणं अगदीच चुकीचं नव्हतं. पण मी हट्टाला पेटले होते, आणि हट्टापायी माणूस पुष्कळ शिकतो. बऱ्याच खेळांत ऑल्ट आणि एंटर ही दोन बटणं एकदम दाबली की भरलेला पडदा आकसून खिडकी होते. माइनक्राफ्टच्या कॉम्प्युटरवरच्या मूळ जावा आवृत्तीत हेच काम एफ-११ करतं. अलीकडच्या खेळांच्या सेटिंगमध्ये बहुधा तीन पर्याय असतात : फुलस्क्रीन, विंडोड आणि बॉर्डरलेस. हा तिसरा प्रकार लबाड. असते ती खिडकीच, पण चौकट काढून भिंतभर केलेली. दिसायला फुलस्क्रीन, पण दुसऱ्या कामाकडे चटकन वळता येतं. चिरंजीवांनी तडजोड म्हणून तोच पुढे केला. मी तो नामंजूर केला, कारण घड्याळ त्यातही झाकलं जातं.

खिडकीचा एक फायदा मात्र त्यालाही कबूल करावा लागला. पूर्ण पडदा म्हणजे १९२० गुणिले १०८० ठिपके, म्हणजे वीस लाखांवर. खिडकी १२८० गुणिले ७२० ची केली तर ठिपके सव्वानऊ लाखांच्या आसपास येतात, निम्म्याहूनही कमी. आमच्या यंत्रात खेळांसाठीचं वेगळं ग्राफिक्स कार्ड नाही. पूर्ण पडद्यावर त्याचा पंखा गिरणीसारखा घुमायचा आणि चित्र अडखळत चालायचं. खिडकीत खेळ सुरळीत चालू लागला. तोटेही आहेत. अक्षरं बारीक होतात. लढाईच्या खेळांत उंदीर पडद्याच्या काठाला नेला की नकाशा सरकतो. खिडकीत तोच उंदीर काठ ओलांडून बाहेर पडतो, आणि ऐन लढाईत माझ्या प्रश्नपत्रिकेच्या फाइलवर क्लिक बसतं. काही खेळांत उंदीर खिडकीत कोंडून ठेवायची सोय असते, काहींत नसते.

मला स्वतःला यात गोडी वाटली ती एका जुन्या मित्रामुळे. आमच्या कॉलेजच्या दिवसांत कॉम्प्युटर क्लासला जायचं ते 'प्रिन्स ऑफ पर्शिया'साठी. जॉर्डन मेक्नर या तरुणाने १९८९ साली केलेला हा खेळ. त्याने आपल्या धाकट्या भावाला पांढरे कपडे घालून पळायला, उड्या मारायला लावलं, त्याचं व्हिडिओ चित्रीकरण केलं आणि त्या हालचाली एकेक करून चित्रांत उतरवल्या. म्हणून तो राजपुत्र खऱ्या माणसासारखा धापा टाकत धावतो असं वाटायचं. जुने डॉसवरचे खेळ आजच्या यंत्रावर चालवणाऱ्या डॉसबॉक्स या प्रोग्रॅममध्ये तो मी परत पाहिला. पूर्ण पडद्यावर ताणला तर बिचारा लग्नानंतर सुटलेल्या जावयासारखा दिसतो. कारण तो चाराला तीन या प्रमाणाच्या जुन्या पडद्यासाठी बेतलेला आहे आणि आजचे पडदे सोळाला नऊ असे आडवे. डावीउजवीकडे काळ्या पट्ट्या ठेवल्या किंवा योग्य प्रमाणाची खिडकी केली, की तो पुन्हा सडपातळ होतो.

पण हे सगळं सांगायचं कारण राजपुत्र नव्हे, आप्पा.

आप्पा पेशन्स खेळतात. त्यांच्या ऑफिसात नव्वदीच्या दशकाच्या शेवटी कॉम्प्युटर आले. टंकलेखन यंत्रावर आयुष्य गेलेल्या सगळ्या कारकुनांना उंदीर धरायला शिकवलं ते पेशन्सने. हा खेळ विंडोजबरोबर १९९० साली आला. वेस चेरी नावाच्या मुलाने तो मायक्रोसॉफ्टमध्ये उमेदवारी करत असताना, १९८८ मध्ये लिहिला होता आणि त्यातल्या पत्त्यांची चित्रं सुझन केअरने काढली होती. चेरीने त्यात एक गुप्त बटणही ठेवलं होतं. साहेब आले की ते दाबायचं. पत्ते गायब आणि पडद्यावर आकडेमोडीचा तक्ता हजर! कंपनीने ते काढायला लावलं. आप्पांना ही गोष्ट सांगितली तेव्हा ते हसले आणि म्हणाले, "त्याची गरजच नव्हती गं. पत्ते लहानशा खिडकीत असायचे. साहेबांच्या बुटांचा आवाज जिन्यात आला की खिडकी खाली पाडायची."

२००४ मध्ये आप्पा निवृत्त झाले आणि पेशन्स त्यांच्याबरोबर घरी आला. जुन्या पेशन्सची खिडकी लहानमोठी करता यायची, पण पत्ते आहेत तेवढेच राहायचे, फक्त त्यांच्यातलं अंतर बदलायचं. २००७ च्या विंडोज व्हिस्टापासून खिडकीबरोबर पत्तेही लहानमोठे होऊ लागले. २०१२ च्या विंडोज ८ मध्ये तर हा खेळ पूर्ण पडदाभर झाला, त्याला खिडकीच उरली नाही. २०१५ च्या विंडोज १० मध्ये तो परत खिडकीत आला. ही उलथापालथ आपल्याला क्षुल्लक वाटते. पण दुपारी जेवून उठल्यावर तासभर एकट्याने पत्ते लावणाऱ्या माणसाला पत्त्यांची जागा बदलणं म्हणजे देवघर दुसऱ्या खोलीत हलवण्यासारखं असतं.

२०२२ च्या पावसाळ्यात आप्पा पेशन्सवर वैतागू लागले. डाव सुटत नाही म्हणायचे. त्यांचं मोतीबिंदूचं ऑपरेशन तीन वर्षांपूर्वी झालं होतं, पेपर ते चष्मा लावून बारीक अक्षरांसकट वाचत होते. तरी आम्ही समजलो, वय झालं, पत्ते लहान दिसत असतील. ह्यांनी दसऱ्याला सत्तावीस इंची पडदा आणला. मी उत्साहाने पेशन्स त्यावर फुलस्क्रीन करून दिला. एकेक पत्ता तळहाताएवढा! आप्पा म्हणाले, "छान आहे." दोन आठवडे खेळले आणि मग खेळायचं सोडून दिलं. विचारलं तर म्हणायचे, "एक्का येतच नाही. कंटाळा आला." दुपारी नुसते बाहेरच्या खुर्चीत बसून राहू लागले.

आम्ही ते मनावर घेतलं नाही, हे लिहिताना आजही बरं वाटत नाही. अठ्ठ्याहत्तरीला टेकलेल्या माणसाचं कशातून तरी मन उडायचंच, असं आम्ही धरून चाललो.

उलगडा चिरंजीवांनी केला. एका रविवारी त्याने आजोबांना बळेच बसवलं आणि स्वतः मागे उभा राहिला. बदामचा एक्का सातव्या गड्डीवर, अगदी उजवीकडे उघडा पडला होता, आणि आप्पा डावीकडची पानं उलटत त्यालाच शोधत होते. चौथ्यांदा तेच झालं तेव्हा हा बोलला नाही. पुढे वाकून त्याने खिडकीचा कोपरा धरला आणि ओढत ओढत ती पोस्टकार्डापेक्षा थोडी मोठी, एवढी करून पडद्याच्या मधोमध ठेवली.

"अरे, हा इथंच होता की!" आप्पा म्हणाले. त्या दुपारी त्यांनी लागोपाठ तीन डाव सोडवले.

मी स्वयंपाकघरातून हे ऐकत होते आणि मला एकेक आठवू लागलं. दाराच्या चौकटीला लागणारा त्यांचा खांदा. ताटाच्या डावीकडे तशीच राहिलेली चटणी. पायरीवरची मांजर पायात येईपर्यंत न दिसणं. आठवड्याभरात आम्ही डोळ्यांच्या डॉक्टरांकडे गेलो. त्यांनी आप्पांची हनुवटी एका पांढऱ्या घुमटासमोर टेकवली, हातात बटण दिलं आणि सांगितलं, समोरच्या ठिपक्यावरून नजर हलवायची नाही, आजूबाजूला दिवा चमकला की बटण दाबायचं. दिवे चमकत होते. बटण फार कमी वेळा वाजलं. काचबिंदू.

काचबिंदूत डोळ्याची नस हळूहळू निकामी होते आणि नजर बहुधा कडेकडेने जाते, मधली शेवटपर्यंत शाबूत राहू शकते. बहुतेकांना दुखत नाही. गेलेल्या जागी काळोखही दिसत नाही. तिथलं काही दिसतच नाही आणि दिसत नाही हे कळतही नाही. म्हणून आप्पा पेपर वाचत होते आणि एक्का त्यांना सापडत नव्हता. सत्तावीस इंची पडदा रुंदीला साठ सेंटिमीटर भरतो. दोन फुटांवर बसलेल्या माणसाच्या नजरेचे पन्नासहून जास्त अंश तो व्यापतो. आप्पांची नजर तेवढी उरलीच नव्हती. वीस सेंटिमीटरची खिडकी वीस अंशांत मावते. आम्ही प्रेमाने पत्ते मोठे केले आणि सगळा डाव त्यांच्या नजरेबाहेर ढकलला.

डॉक्टरांनी एक गोष्ट आवर्जून सांगितली. हा उपाय सगळ्यांसाठी नाही. ज्यांच्या डोळ्याच्या पडद्याचा मधला भाग बिघडलेला असतो त्यांचं नेमकं उलट असतं. त्यांना अक्षर, पत्ता, चेहरा मोठाच करून लागतो. मला हे ऐकून वाटलं, खेळ लिहिणाऱ्यांनी दुसरं काही नाही दिलं तरी खिडकीचा कोपरा ओढायची मोकळीक द्यावी. कित्येक खेळांत ठरावीक चार-पाच मापंच असतात, काहींत तेवढीही नाहीत. ती मोकळीक मुलांची चैन आहे असं मीही कालपर्यंत समजत होते.

गेलेली नजर परत येत नाही, उरलेली जपायची. रोज रात्री झोपण्यापूर्वी आप्पांच्या डोळ्यांत थेंब पडतात, ते घालायचं काम नातवाकडे आहे. काचबिंदू घराण्यात उतरू शकतो म्हणून डॉक्टरांनी ह्यांनाही त्या घुमटासमोर बसवलं. त्यांचं बटण व्यवस्थित वाजलं. चाळिशी ओलांडलेल्या सगळ्या नणंदा-दिरांना मी फोन करून तपासणीला पाठवलं. एकीने टाळलं होतं, तिला दोनदा फोन केला.

चिरंजीव आता पूर्ण शहाणे झालेत असं मुळीच नाही. रविवारी तो दार लोटून घेऊन पडदाभर खेळतो आणि मी कानाडोळा करते. इतर दिवशी खिडकी, आणि खिडकीशेजारी घड्याळ. आजोबांच्या खिडकीवर मात्र त्याची बारीक नजर असते. डॉक्टरांकडून आल्यानंतर त्याने माझ्या पाकिटातली एक लाल टिकली काढून पडद्याच्या खालच्या चौकटीवर चिकटवली, पेशन्सच्या खिडकीची उजवी कड जिथे येते नेमकी तिथे. "आजोबांची हद्द," म्हणाला. सीमाभागातल्या घरात हद्दीवरून विनोद व्हायचेच. आप्पा खो खो हसले.

खिडकीचं माप प्रोग्रॅम लक्षात ठेवतो, त्यामुळे रोज दुपारी ती टिकलीपाशीच उघडते. गेल्या आठवड्यात मी आप्पांना चहा द्यायला गेले तेव्हा कड टिकलीच्या अलीकडे होती, चांगली दोन बोटं. चुकून हलली असेल म्हणून विचारलं.

"नाही गं," आप्पा पानं उलटत म्हणाले, "मीच केली. अशी बरी दिसते."

पुढची तपासणी जानेवारीत होती. मी येत्या सोमवारची वेळ घेतली आहे.