बंदोबस्त करवतीला

‘प्रकरण न्यायप्रविष्ट आहे’ हे वाक्य आपण रोज ऐकतो. अर्थ एकच: कोर्टात चालू आहे, तोवर गप्प बसा. बसतो. पण आपण गप्प बसलेलो असताना पोलीस कोणाचं रक्षण करत असतात?

आरेत याचं उत्तर एका रात्रीत मिळालं. २९ ऑगस्ट २०१९ला महापालिकेच्या वृक्ष प्राधिकरणाने मेट्रो ३च्या कारशेडसाठी २,१८५ झाडं तोडायला मंजुरी दिली. त्याविरुद्धच्या याचिका मुंबई उच्च न्यायालयाने ४ ऑक्टोबरला, शुक्रवारी, फेटाळल्या. त्याच रात्री करवती सुरू झाल्या. लोक धावले, तर समोर पोलीस. शनिवारी कलम १४४ लागलं. २९ जणांना अटक झाली, त्यांच्यावर कलम ३५३ लावलं, म्हणजे सरकारी कर्मचाऱ्याला बळाने रोखल्याचा आरोप. शनिवारीच तोड थांबवायची विनंती उच्च न्यायालयाने नाकारली. सोमवारी कायद्याच्या विद्यार्थ्यांच्या पत्रावरून सर्वोच्च न्यायालयाचं खास खंडपीठ बसलं आणि ‘जैसे थे’चा आदेश झाला. तोवर २,१४१ झाडं पडली होती. जैसे थे ठेवायला उरली ४४.

मेट्रो कंपनीची बाजूही ऐकू या. त्यांचं म्हणणं, नोटिशीची पंधरा दिवसांची मुदत संपली होती आणि याचिका फेटाळल्यावर थांबायचं काही बंधन नव्हतं. नसेलही. करवत चालवणाऱ्या मजुराला दगड लागू नये, ही पोलिसांचीच जबाबदारी, हेही मान्य. मेट्रोला माझा विरोध नाही, मी तिने प्रवास करतो. माझं भांडण त्या तीन दिवसांशी आहे. उच्च न्यायालयात हरलेल्याला सर्वोच्च न्यायालयाचं दार उघडं असतं. जमिनीचा ताबा निकालानंतर परत देता येतो, पैसे व्याजासकट देता येतात. झाड परत देता येत नाही. अशा वेळी दिलेला बंदोबस्त तटस्थ राहत नाही. अपिलाचा निकाल तोच लावून टाकतो.

आता हाच बंदोबस्त साध्या माणसाने मागून बघावा. आधी पोलीस ठाण्यात अर्ज. मग धोका खरा आहे का, याची पोलिसांकडूनच तपासणी. नाहीच मिळालं, तर उच्च न्यायालयात अनुच्छेद २२६खाली रिट, म्हणजे वकील, फी आणि तारखा. तळेगाव दाभाडेचे माहिती अधिकार कार्यकर्ते सतीश शेट्टी जमिनींचे गैरव्यवहार बाहेर काढत होते. त्यांनी संरक्षण मागितलं होतं. ते मिळालं नाही. १३ जानेवारी २०१०च्या सकाळी फिरायला बाहेर पडले असताना त्यांचा खून झाला. ५ डिसेंबर २०१८ला सर्वोच्च न्यायालयाने साक्षीदार संरक्षण योजनेला कायद्याचं बळ दिलं, पण ती गंभीर गुन्ह्यांतल्या साक्षीदारांसाठी आहे. बलाढ्य कंपनीविरुद्ध किंवा सरकारविरुद्ध याचिका घेऊन उभा राहिलेला माणूस तिच्यात बसत नाही.

एकाला रातोरात फौजफाटा, दुसऱ्याला अर्जाची पोच.

माझी मागणी साधी आहे. जे गेलं की परत येत नाही, झाड असो, राहतं घर असो की पाडा, त्याबद्दलची याचिका फेटाळताना अपिलापुरती काही दिवसांची स्थगिती निकालातच, आपोआप मिळावी. आज हरलेल्या पक्षाच्या वकिलाला ती मागावी लागते आणि मिळेलच याची खात्री नाही. त्या मुदतीत पोलीस बंदोबस्त वादातल्या वस्तूला हवा, ती तोडायला आलेल्याला नको. याचिकाकर्त्याने धोक्याची तक्रार केली, तर पोलिसांनी ठरलेल्या मुदतीत लेखी, कारणांसह उत्तर द्यावं.

नंतर दंड करून काही होत नाही, हेही आरेनेच दाखवलं. सर्वोच्च न्यायालयाने ८४ झाडांसाठी अर्ज करायची मुभा दिली होती, कंपनीने १७७ची परवानगी मिळवली. १७ एप्रिल २०२३ला कोर्टाने दहा लाखांचा दंड ठोठावला, आणि त्याच दिवशी १७७ झाडं हटवायची मुभाही दिली. ज्याच्या खिशाला दहा लाख जड नाहीत, त्याला यातून एवढंच कळलं की आधी पुढे जायचं, मग पैसे भरायचे.

कोर्टावर विश्वास ठेवा, असं आम्हाला सांगता ना? मग कोर्टाचं शेवटचं दार ठोठावून होईपर्यंत करवत बंद ठेवा, आणि तिच्यावर पहारा बसवा.